बेलग्रेव्ह रोडवरचा खाऊ-वॉक

आमच्याकडे आइस्क्रीमचे रिकामे डबे कधी टाकले जात नाहीत. फ्रीजरमध्ये एकावर एक रचलेले असतात. व्हॅनिला लिहिलेल्या डब्यात आमटी, स्ट्रॉबेरीच्या डब्यात उकडलेले छोले. किस्स्यांचंही माझ्याकडे तसंच झालंय. साठत गेलेत, टाकवत नाहीत, आणि एखादा उघडायला जावं तर आतून भलतंच काहीतरी निघतं. मंडळाच्या संक्रांतीला नाहीतर कुणाच्या काचेच्या कॉन्झर्व्हेटरीत चहा पिताना कुणीतरी म्हणतंच, "विजया, तुझ्या त्या खाऊ-वॉकचं सांग ना." मग मी एक सांगायला म्हणून बसते, ती पाच-सहा सांगूनच उठते.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी आधी थोडं. मी लेस्टरला आले ती डॉक्टरची बायको म्हणून. हे इथल्या एका हॉस्पिटलात म्हाताऱ्यांच्या वॉर्डचे डॉक्टर. आम्ही राहायचो शहराबाहेर ओडबीला, कारण बहुतेक डॉक्टर तिथेच राहायचे. मुलगी शाळेत जायला लागली आणि मी कौन्सिलच्या ईव्हनिंग क्लासेसमध्ये इंडियन कुकिंग शिकवायला लागले. येणाऱ्या सगळ्या इंग्लिश बायका. दर वेळी शेवटी तेच प्रश्न. हे हिंग आणायचं कुठून? हे बेसन म्हणजे नक्की कुठलं पीठ? एकदा मी वैतागून म्हटलं, शनिवारी चला माझ्याबरोबर, दाखवतेच. आणि सगळ्यांना घेऊन बेलग्रेव्ह रोडला गेले.

ते त्यांना इतकं आवडलं, की क्लासेस बघणाऱ्या जेनीने पुढच्या टर्मला त्याचा वेगळा कोर्सच केला. दर शनिवारी सकाळी, डझनभर नवी माणसं, दुकानं, देऊळ, थोडं खाणं, थोडी माहिती. 'इंडियाची चव, मिसेस सोहोनींबरोबर' असं ब्रोशरमध्ये छापून आलं. इंग्लिश जिभांना सोहोनी काही जमेना. टर्म संपेपर्यंत मी 'मिसेस हनी' झाले होते. ऐंशीच्या दशकाच्या मध्यापासून पुढची दहा-बारा वर्षं मी मिसेस हनीच होते.

*

आता यातली अडचण तुमच्या लक्षात आली असेल. बेलग्रेव्ह रोड सगळा गुजराती. बरीच मंडळी युगांडा-केनियातून आलेली. आल्या आल्या मोज्या-स्वेटरांच्या फॅक्टऱ्यांत राबलेली, मग हळूहळू दुकानं टाकलेली. त्यांच्या रस्त्यावर उभं राहून 'हे आमचं कल्चर' असं सांगणारी मी कोण? मी साताऱ्याची. लग्नाआधी ढोकळासुद्धा धड खाल्ला नव्हता.

इंग्रजांना हा प्रश्न कधी पडला नाही. कोकिलाबेनना पहिल्याच दिवशी पडला.

कोकिलाबेनचं फरसाणचं दुकान रस्त्याच्या मधोमध होतं. बाई ठेंगणी, आवाज खणखणीत. मी माझी माणसं घेऊन आत शिरले आणि काउंटरसमोर उभी राहून गाठिया कसा करतात ते सांगायला लागले. त्या कमरेवर हात ठेवून ऐकत होत्या. माझं संपल्यावर त्यांनी मला गुजराती-हिंदीच्या मिश्रणात विचारलं, की मी कुठल्या गावची. मी सातारा सांगितलं. ते कुठे आलं हे त्यांना माहीत नव्हतं. मग मी विचारलं, तुम्ही कुठल्या? त्या कंपालाच्या. तिथेच जन्म, तिथेच लग्न. इंडिया त्यांनी एकदाच पाहिला होता, तोही नणंदेच्या लग्नापुरता.

त्यांनी काउंटरवरचा भुगा पुसला. मग म्हणाल्या, "तुम्ही आमच्यातल्या नाही. मी कधी इंडियात राहिले नाही. मग या लोकांना इंडिया दाखवतंय कोण?"

तेव्हा त्यांनीच वाटणी करून टाकली. फुटपाथ माझा, दुकान त्यांचं. बाहेर मी काय हवं ते बोलावं, उंबरठ्याच्या आत फक्त त्या बोलणार. मला ते मान्य करावंच लागलं. पुढच्या शनिवारपासून आम्ही आत गेलो, की कोकिलाबेन एकेकाच्या हातात गरम कचोरी ठेवायच्या आणि त्यांचं अख्खं लेक्चर द्यायच्या: "ईट. इज नाइस."

टर्मच्या शेवटी जेनीने सगळ्यांना विचारलं, की वॉकमधला कुठला भाग सर्वांत माहितीपूर्ण वाटला. त्यांचं एकमत झालं. फरसाणच्या दुकानातलं भाषण.

*

रॉन नावाचे एक गृहस्थ यायचे. सत्तरीचे, जन्मापासून लेस्टरचे. इथल्या जुन्या माणसांना कुणालाही 'मी डक' म्हणायची सवय असते. यातला 'मी' म्हणजे 'माय', आणि बदकाचा काही संबंध नसतो, आपण लाडाने 'बाळा' म्हणतो तसं ते. रॉननी उभा जन्म फॅक्टरीत मोजे विणायची मशिनं दुरुस्त करण्यात घालवला होता. घरात करी शिजलेली बायकोला चालायची नाही. ती गेली, आणि काही महिन्यांनी ते माझ्या वॉकला आले.

आमच्या वाटेवर एक देऊळ होतं, पूर्वीच्या चॅपलमध्ये केलेलं. बाहेर बूट काढून सगळे आत गेले. रॉन मात्र दारातच उभे राहिले. बाहेर बारीक पाऊस. मी म्हटलं, या ना आत. ते म्हणाले, मी थांबतो इथेच. मला वाटलं, दुसऱ्याच्या देवापुढे बूट काढायचे नसतील. असे एक-दोन नग प्रत्येक बॅचमध्ये असायचे. मी जरा तुटकपणेच म्हटलं, नुसते बूटच काढायचेत, प्रार्थना करा असं कुणी म्हणणार नाही. ते खाली बघत राहिले.

परत येताना ते माझ्याबरोबर मुद्दाम मागे रेंगाळले आणि हळू आवाजात म्हणाले, "दोन्ही पायांचे अंगठे बाहेर आलेत, मी डक. बायको गेल्यापासून घरात एक धड जोडी नाही."

पुढच्या शनिवारी मी दुसरीच बॅच घेऊन देवळापाशी पोचते तर रॉन आधीच दारात हजर. माझ्याकडे बघून त्यांनी दोन्ही हातांनी पँट वर उचलली. खाली नवे कोरे लालभडक मोजे. आणि बूट काढून ते ऐटीत आत गेले.

त्यानंतर ते वॉकला म्हणून कधी आले नाहीत. शनिवारी सरळ देवळातच यायचे. भजनाला बसणाऱ्या म्हाताऱ्या बायकांनी त्यांना रेडिएटरजवळची जागा देऊन टाकली. प्रसादाचा शिरा ते चमचा न मागता खायला शिकले. मोजे मात्र दर वेळी वेगळे. हिरवे, चौकटीचे, एकदा तर ख्रिसमसचे रेनडिअरवाले, तेही मे महिन्यात.

वॉकमधल्या एकीने त्यांना विचारलंच, की तुम्ही आता हिंदू झालात का.

"नाही गं," रॉन म्हणाले. "इथे माझे मोजे कुणीतरी बघतं."

*

एका उन्हाळ्यात माझे वडील साताऱ्याहून आले. आम्ही त्यांना नाना म्हणायचो. हायस्कुलात भूगोल शिकवून रिटायर झालेले. धोतर, बंद गळ्याचा कोट, काळी टोपी, आणि पायात आमच्या ह्यांनी घेऊन दिलेले पांढरे ट्रेनर्स. मुलगी काय काम करते ते बघायचं म्हणून शनिवारी माझ्याबरोबर निघाले. हात मागे बांधून गटाच्या शेवटी शांतपणे चालत होते.

पाच मिनिटांत माझं बोलणं ऐकायला कुणी उरलं नाही. सगळे नानांचे फोटो काढत होते. साड्यांच्या दुकानासमोर नाना, मिठाईसमोर नाना, भाजीच्या क्रेट्सजवळ नाना. एका बाईने त्यांच्या हातात नारळ दिला आणि जरा वर धरायला सांगितलं. नानांनी धरला.

घरी आल्यावर जेवताना त्यांनी विचारलं, की ते लोक एवढे फोटो का काढत होते. मी सांगितलं, त्यांना वाटलं तुम्ही वॉकचाच भाग आहात.

नानांनी घास खाली ठेवला. "विजू, मी इथं बघायला आलो होतो गं. बघितलं जायला नव्हे."

मला फार वाईट वाटलं. मी म्हटलं, पुढच्या वेळी मी आधीच सांगेन सगळ्यांना, फोटो काढायचे नाहीत म्हणून. नाना म्हणाले, तसं काही करू नकोस. फक्त जावयांना त्यांचा कॅमेरा मागून ठेव.

पुढच्या शनिवारी नाना कॅमेरा गळ्यात घालून आले. कुणी त्यांचा फोटो काढला, की ते मान लवून थँक्यू म्हणायचे आणि लगेच त्याच माणसाचा फोटो काढायचे. बायकांना अगदी अदबीने सांगायचे, "मॅडम, प्लीज होल्ड युअर हँडबॅग. लिटल हायर." आणि त्या खरंच पर्स वर धरून उभ्या राहायच्या.

नाना गेल्यानंतर साताऱ्याच्या घरात मला त्या फोटोंचा अल्बम सापडला. प्रत्येक फोटोखाली त्यांच्या शाळामास्तरी अक्षरात एकेक ओळ होती. 'इंग्लंडमधील स्त्री, भजी खाताना.' 'इंग्लंडमधील पुरुष, पावसाळी पोशाखात.' 'स्थानिक रहिवासी, पर्ससह.'

*

आमची मीनल सोळा वर्षांची होती तेव्हाची गोष्ट. शनिवारी सकाळी माझा घसा साफ बसलेला. आठवडाभर सर्दी होतीच, पण त्या दिवशी आवाजच फुटेना. बॅच तर तिकडे उभी राहणार. मीनल खाली आली, माझे हातवारे बघितले आणि म्हणाली, "माझी घसा ठीक आहे. मी करते."

तिच्या मराठीत घसा बाईही असतो आणि बुवाही. आम्ही दुरुस्त करायचं कधीच सोडून दिलं होतं. मी तिला माझे मुद्दे दाखवायला गेले तर म्हणाली, नको, मला रोड माहीत आहे. मी मफलर गुंडाळून मागे मागे चालले.

सुरुवातीलाच एका गृहस्थांनी तिला विचारलं, तू मूळची कुठली? ती म्हणाली, ओडबी. ते म्हणाले, तसं नाही, ओरिजिनली? मीनलने विचार केल्यासारखं केलं आणि सांगितलं, ओरिजिनली इथल्याच हॉस्पिटलातली, मॅटर्निटी वॉर्ड, दुसरा मजला.

मग तिने देऊळ गाळलं. साड्या गाळल्या. मसाल्यांसमोरून तर ती न थांबता गेली. तिने त्यांना एक बाक दाखवला, जिथे लायब्ररीत जातो असं सांगून निघालेल्या मुली बसतात. कॅसेटचं दुकान दाखवलं, जिथे भांगड्याच्या टेप्स मागच्या शेल्फवर असतात, कारण पुढच्या शेल्फवर आई-वडिलांसाठी भजनं ठेवावी लागतात. एक चिप शॉप दाखवलं, बटाट्याच्या तळलेल्या फोडींचं दुकान. तिथलं गुजराती जोडपं चिप्सवर व्हिनेगर टाकायच्या आधी न विचारता लाल तिखट आणि लिंबू मारायचं. माझ्या माणसांनी तिथे दोनदा ऑर्डर दिली. मी इतकी वर्षं त्या दुकानावरून जात होते आणि आत एकदाही गेले नव्हते.

शेवटी ती एका लाल फोन बॉक्सपाशी थांबली. म्हणाली, हा या रस्त्यावरचा सगळ्यात इम्पॉर्टंट पॉइंट. आमच्या सगळ्यांच्या घरी फोन हॉलमध्ये असतो आणि घरातले सगळे ऐकतात. म्हणून मुली शनिवारी इथे येऊन बॉयफ्रेंडला फोन करतात. मीसुद्धा करते.

माझा घसा तिथेच मोकळा झाला. त्या दिवसातला माझा पहिला शब्द. "कुणाला?"

सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. मीनलने मात्र शांतपणे हात वर केला.

"आई, टूर चालू आहे. प्रश्न शेवटी."

*

हा पुढचा मी फारसा सांगत नाही. पण आज सांगते.

असाच एक शनिवार होता. आम्ही कोकिलाबेनच्या दुकानाबाहेर उभे. मी जिलबीच्या पाकाबद्दल बोलत होते. एक व्हॅन हळू झाली, काच खाली आली, आणि आतून कुणीतरी ओरडलं. आपापल्या देशात चालते व्हा, आणि त्याच्या पुढचे दोन शब्द. नेहमीचंच. व्हॅन निघून गेली. मी जिलबीचं वाक्य पुरं केलं.

मग माझ्या लक्षात आलं की कुणीच ऐकत नाहीये. सगळे गोठल्यासारखे उभे होते. मार्गारेट नावाच्या एक बाई होत्या, प्राथमिक शाळेतून रिटायर झालेल्या शिक्षिका, एरवी फार टापटिपीच्या. त्या भर रस्त्यात रडायला लागल्या. साधं डोळे भरून येणं नाही, हुंदके देऊन. मी त्यांना धरलं, पाठीवरून हात फिरवला. म्हटलं, काही नाही हो, होतं असं कधीतरी. त्या नुसतं सॉरी, सॉरी म्हणत राहिल्या.

कोकिलाबेन दुकानातून खुर्ची घेऊन बाहेर आल्या. फुटपाथवर त्यांचं राज्य नव्हतं, तरी आल्या. मार्गारेटला बसवलं, पाणी दिलं, आणि मला विचारलं की हिला काय झालं. मी सांगितलं, व्हॅनमधून कुणीतरी ओरडलं.

"हिला?"

"नाही. आपल्याला."

"मग ही का रडते?"

कोकिलाबेननी मार्गारेटकडे बघितलं. मग तिथेच, दुकानाच्या पायरीवर, तिच्या शेजारी बसल्या. शनिवार सकाळ, आत गिऱ्हाइकं उभी. मी त्यांना शनिवारी कधी बसलेलं पाहिलं नव्हतं. मार्गारेटचं रडणं थांबेपर्यंत त्या तिचा हात हातात घेऊन बसून होत्या. बोलायला समान भाषा फारशी नव्हती.

वॉक संपवून मी खुर्ची परत द्यायला गेले. कोकिलाबेन काउंटर पुसत होत्या. माझ्याकडे न बघताच त्यांनी विचारलं, "विजयाबेन, आपण कधी रडलो नाही, नाही का?"

मी आठवून बघितलं. म्हटलं, नाही.

"का?" त्या म्हणाल्या, आणि पुढचं गिऱ्हाईक घेतलं.

*

आणि मिसेस हायाशी.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला डर्बीकडे एका जपानी कंपनीची फॅक्टरी आली. तिथून इंजिनियर आले, त्यांच्याबरोबर बायका आल्या. नवरे दिवसभर फॅक्टरीत, बायका घरात. त्यांचं मन रमावं म्हणून कंपनीतल्या कुणीतरी जेनीला फोन केला, आणि एका शनिवारी सहा-सात जपानी बायका माझ्या वॉकला आल्या. सगळ्या नम्र, सगळ्या हसतमुख. त्यात मिसेस हायाशी. चाळिशीच्या, बारीक चणीच्या, गडद निळा कोट. त्या फार बोलल्या नाहीत. पण प्रत्येक दुकानात खायच्या आधी पदार्थाकडे नीट बघायच्या आणि मग विचारायच्या, हे कोण करतं? सकाळी किती वाजता उठतं? कोकिलाबेनच्या दुकानात तर सगळे बाहेर आले तरी त्या आतच होत्या, मागच्या खोलीत कचोऱ्या वळणाऱ्या बायकांचे हात बघत.

निघताना त्यांनी मला आणि कोकिलाबेनना, दोघींनाही वाकून नमस्कार केला आणि मोडक्या इंग्लिशमध्ये म्हणाल्या, की पुढच्या वेळी माझी गल्ली. तुम्ही दोघी या.

मला वाटलं, चहाला बोलावतायत. कोकिलाबेननी मला बाजूला घेऊन सांगितलं, की आपण नाही येणार, ही माणसं सगळ्यात मासे घालतात. मिसेस हायाशींना गुजराती येत नव्हतं, पण त्यांना कळलं असावं. त्या म्हणाल्या, "नो फिश. नो एग. तुमचं दुकान मी नीट बघितलं."

कोकिलाबेननी पत्ता लिहून घ्यायला कागद पुढे केला.

एका रविवारी दुपारी मी गाडी काढली आणि आम्ही दोघी डर्बीला गेलो. नव्या वसाहतीतला एक लहान बंद रस्ता. दोन्ही बाजूंना एकसारखी विटांची घरं, प्रत्येकासमोर हिरवळीचा तुकडा, प्रत्येकासमोर एक गाडी. मिसेस हायाशींनी दार उघडलं तेव्हा त्या तोच निळा कोट घालून तयार होत्या. हातात कापडात बांधलेलं मोठं गाठोडं, खांद्याला थर्मास. आम्ही चपला काढायला लागलो तर म्हणाल्या, नाही नाही, आत नाही. बाहेर. वॉक.

आम्ही एकमेकींकडे बघितलं.

त्यांनी गेटपाशी उभं राहून सांगितलं, की त्या क्योटोच्या. तिथल्या एका जुन्या गल्लीत लहानाच्या मोठ्या झाल्या. आज त्या गाइड आहेत. कृपया फुटपाथवरून चालावं.

पहिल्या घरासमोर त्या थांबल्या. समोर कापलेल्या झुडपांचं हेज आणि एक डस्टबिन. मिसेस हायाशी म्हणाल्या, हे टोफूवाल्याचं दुकान. तो पहाटे उठतो. सोयाबीन शिजल्याचा वास गल्लीभर पसरतो, त्या वासानेच आम्हाला जाग येते. मग गाठोड्यातून त्यांनी एक डबी काढली, टूथपिकने एकेक पांढरा चौकोन आमच्या हातावर ठेवला. मऊ, तिळाच्या चवीचा. आम्ही हेजसमोर उभ्या राहून खाल्ला. आतला लेसचा पडदा हलला.

पुढचं घर लोणच्यांचं दुकान. सलगमच्या कागदासारख्या पातळ आंबट चकत्या. तिथली म्हातारी खाष्ट, पिंपावर ठेवलेल्या दगडाला मुलांनी हात लावला की ओरडते. त्यापुढे लँपपोस्ट. मिसेस हायाशींनी मान वर करून तो दाखवला. ही सार्वजनिक स्नानगृहाची चिमणी. संध्याकाळी सगळी गल्ली आपापला टब घेऊन इथे येते. कुणाच्या घरी काय चाललंय ते इथेच कळतं. इथे खायला काही नव्हतं. त्यांनी थर्मासमधून चहा ओतला, भाजक्या धान्याच्या वासाचा.

तोपर्यंत कोकिलाबेन अगदी रंगल्या होत्या. पुढचं दुकान कशाचं, असं त्याच विचारायला लागल्या. पुढचं मिठाईचं होतं. तांदळाच्या पिठाचा मऊ गोळा, आत लाल बियांचं गोड सारण. कोकिलाबेननी एक घास घेतला आणि माझ्याकडे बघितलं.

"पूरण," त्या म्हणाल्या.

"पुरणच," मी म्हटलं.

मिसेस हायाशींनी विचारलं, काय म्हणालात? आम्ही सांगितलं. त्यांनी तो शब्द दोनदा, अगदी काळजीपूर्वक म्हणून बघितला.

त्यानंतरच्या घरासमोर बागेत एक गार्डन नोम, म्हणजे बुटक्या म्हाताऱ्याचा पुतळा, बसवलेला होता. लाल टोपी, पांढरी दाढी, हातात मासे पकडायची काठी. मिसेस हायाशी तिथे थांबल्या आणि त्यांनी हात जोडले. म्हणाल्या, आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावर एक लहान दगडी देव आहे. मुलांना सांभाळतो. गळ्यात लाल कापड बांधलेलं असतं. गल्लीतल्या बायका रोज सकाळी त्याचं पाणी बदलतात.

माझ्या शेजारी कोकिलाबेननी चपला काढल्या. डांबरावर अनवाणी उभं राहून त्या नोमला त्यांनी मनापासून नमस्कार केला. मी इकडेतिकडे बघितलं, आणि मग मीही केला.

चालता चालता मी मिसेस हायाशींना म्हटलं, की कधी क्योटोला आलो, तर आम्हाला तुमची खरी गल्ली दाखवा.

त्या म्हणाल्या, ती नाहीये. सगळी घरं पाडली. तिथे आता कार पार्क आहे. माणसं निरनिराळ्या ठिकाणी गेली. हे त्यांनी बसची वेळ सांगावी तसं सांगितलं. मग म्हणाल्या, "नाऊ, ओन्ली हिअर."

आम्ही रस्त्याच्या टोकाला आलो. शेवटचं घर. समोर एक इंग्लिश गृहस्थ शॉर्ट्स घालून गाडी धूत होते. पोट सुटलेलं, पायात रबरी बूट, बादली, स्पंज. गाडीच्या रेडिओवर फुटबॉलची कॉमेंटरी चाललेली. मिसेस हायाशींनी त्यांच्याकडे बघितलं नाही. त्यांनी रिकामं झालेलं कापड घडी करून कोटाच्या खिशात ठेवलं. कोट सारखा केला. केस कानामागे घेतले.

"माझ्या आईचं घर," त्या म्हणाल्या.

आणि त्या घराकडे तोंड करून त्या वाकल्या. कमरेतून, खूप खाली, हात मांड्यांवर. वाकून तशाच राहिल्या.

त्या गृहस्थांनी मागे वळून बघितलं, की आपल्यामागे कुणी उभं आहे का. कुणी नव्हतं. त्यांनी आत हात घालून रेडिओ बंद केला. स्पंज बादलीत टाकला. ओले हात शॉर्ट्सला पुसले. मग ते मिसेस हायाशींसमोर जेवढं जमेल तेवढं वाकले, आणि त्या सरळ होईपर्यंत तसेच वाकून राहिले.